‘विंटर लाइट’मधला तो वाकलेला सेवक कोण? – आलन एडवाल यांच्या कारकिर्दीविषयी

विंगेतला (सोलापूर) :

सर्वांना नमस्कार. गेली सत्तावीस वर्षे मी सोलापुरात हौशी रंगभूमीवर काम करतो आहे. या काळात माझ्या वाट्याला कारकून, हवालदार, मुलीकडचे मामा, शेजारचे अण्णा अशा भूमिका आल्या आणि एकदा, मुख्य नट ऐनवेळी आजारी पडल्यामुळे, पाऊण अंकापुरता नायक आला. याबद्दल तक्रार मुळीच नाही, कारण सवयीने त्यातही गोडी लागते. यंदा राज्य नाट्य स्पर्धेसाठी आम्ही जे नाटक बसवतो आहोत त्यात मी पोस्टमन आहे. दोन प्रवेश आणि एकंदर अकरा वाक्ये.

आमच्या मंडळातली आठ-दहा माणसे दर शनिवारी रात्री साखर पेठेतल्या एका सदस्याच्या माडीवर जमतात आणि भिंतीला पांढरी चादर लावून (चादरीची वानवा सोलापुरात तरी कोणाला असणार?) जुने चित्रपट पाहतात. मागच्या शनिवारी स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन यांचा १९६३ सालचा ‘विंटर लाइट’ लावला होता. चित्रपट जेमतेम ऐंशी मिनिटांचा आहे. नोव्हेंबरातला एक रविवार, सर्दीने बेजार झालेला आणि श्रद्धा आटलेला एक पाद्री, आणि ओस पडत चाललेली खेड्यातली चर्चे, एवढाच त्याचा पसारा. गुन्नार ब्यॉर्नस्ट्रांड, इंग्रिड थुलिन आणि माक्स फॉन सिडो ही मंडळी त्यात आहेत आणि त्यांच्याविषयी आम्हाला थोडेबहुत ठाऊक होते. परंतु शेवटच्या दहा-पंधरा मिनिटांत चर्चचा एक सेवक येतो. आपल्या भाषेत सांगायचे तर देवळाची झाडलोट, दिवाबत्ती आणि घंटा पाहणारा माणूस. पाठीतून वाकलेला, सतत दुखणे सोसणारा हा सेवक पाद्र्यापाशी बसून अतिशय अदबीने, जणू हिशेबातली एक शंका विचारावी तशी, एक गोष्ट काढतो. रात्री वेदनांनी झोप येत नाही म्हणून मी शुभवर्तमाने वाचू लागलो, असे तो सांगतो. येशूच्या शारीरिक यातनांचा लोक एवढा गाजावाजा करतात, पण त्या चारेक तासांत संपल्या, आणि लहान तोंडी मोठा घास होईल, तरी तेवढे तर मीही सोसले असेल. खरे दुःख वेगळेच असणार. बरोबरच्या शिष्यांना काहीच उमगले नाही, आणि अखेरच्या घटकेला देवही गप्प राहिला, हे ते दुःख.

चादरीवरचे चित्र संपल्यावर माडीवर कोणी दिवा लावायला उठले नाही.

आता हे काम माझ्यावर आले आहे की पुढच्या महिन्यात मंडळात या नटाविषयी वीस मिनिटे बोलायचे. नाव आलन एडवाल एवढे श्रेयनामावलीत मिळाले. या गृहस्थांनी आणखी काय काय केले, कोणते चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत आणि मुख्य म्हणजे पाहताना नेमके काय पाहावे, हे जाणकारांनी सांगावे अशी विनंती आहे.

——————

तिसरी घंटा (पुणे, मूळचा बार्शीचा) :

विंगेतला, आपण योग्य माणसापाशी थांबलात. थोडक्यात परिचय देतो आणि मग पाहण्याच्या क्रमाकडे वळतो.

आलन एडवाल यांचा जन्म १९२४ सालचा, स्वीडनच्या उत्तरेकडच्या येमटलांड प्रांतातला. (इंग्रजी जाणणारे त्यांना अ‍ॅलन म्हणतात. स्वीडिश उच्चार आलानच्या जवळ जातो. आपण लिहिलेले आलन मधले म्हणून चालवून घेऊ.) स्टॉकहोमच्या राजनाट्यगृहाच्या, म्हणजे ‘द्रामाटेन’च्या, नाट्यशाळेत १९४९ ते १९५२ या काळात त्यांचे शिक्षण झाले आणि पुढे त्याच नाट्यगृहाच्या नटसंचात त्यांनी अनेक वर्षे काढली. १९९७ सालच्या फेब्रुवारीत ते वारले. मधल्या साडेचार दशकांत रंगमंच, चित्रपट, दूरचित्रवाणी आणि नभोवाणी यांपैकी एकही माध्यम त्यांनी सोडले नाही.

चित्रपट पाहताना मी आपल्याला एकच सूत्र देईन. एडवाल यांची पात्रे बहुधा निरोप घेऊन आलेली असतात. त्यांच्याजवळ समोरच्याला हवी असलेली किंवा नको असलेली एखादी गोष्ट असते आणि ती सांगताना त्यांचे सगळे लक्ष समोरच्याच्या चेहऱ्यावर असते. आपण पाहिलेल्या प्रवेशात पुन्हा एकदा पाहा. सेवक वाक्य उच्चारतो आणि लगेच थांबतो. ते थांबणे वाक्याला वजन यावे म्हणून घेतलेले नाही. पाद्रीबुवांना हे ऐकवले तर चालेल ना, याचा अंदाज घेण्यासाठी ते आहे. माणूस मोठे काही बोलतो आहे हे त्या माणसाला स्वतःला माहीत नाही, आणि नटाने ते माहीत असल्याची खूण कोठेही सोडलेली नाही. आपल्याकडचे बरेच नट (मीही त्यांत आलो) अशा स्वगतवजा मजकुराचा सुगावा लागताच प्रेक्षकांकडे तोंड करतात.

आता त्याआधीचे पाहा. १९६० सालच्या ‘द व्हर्जिन स्प्रिंग’मध्ये त्यांची भूमिका भिकाऱ्याची आहे. पात्राला नावसुद्धा नाही. एका मुलीचा खून करून आलेले मेंढपाळ नकळत तिच्याच बापाच्या घरी मुक्कामाला उतरतात. त्यांच्यातला सर्वांत धाकटा पोरगा, ज्याने हातून काही केले नाही पण सगळे पाहिले आहे, अंथरुणात भेदरून पडलेला असतो. भिकारी त्याच्याजवळ येऊन आढ्याकडे पाहत बोलू लागतो. हा धूर बघ, छपराखाली कसा थरथरतो आहे. बाहेर गेला तर सगळे आकाश त्याचे आहे, पण त्याला ते ठाऊक नाही, म्हणून तो इथे घाबरून घुटमळतो आहे. माणसांचेही तसेच असते, असे तो सांगतो. यातले प्रत्येक वाक्य पोराची भीती मोजत मोजत पुढे सरकते, हे लक्षात घेऊन ऐकावे. चित्रपटाला परदेशी भाषेतील सर्वोत्तम चित्रपटाचे ऑस्कर मिळाले आणि त्यात भिकाऱ्याचा वाटा किती हे कोणी विचारले नाही, जे साहजिकच आहे.

त्याच वर्षीच्या ‘द डेव्हिल्स आय’ या विनोदी चित्रपटात तर बर्गमन यांनी त्यांना नरकातला कानांचा सैतान केले आहे, पृथ्वीवरचे आवाज ऐकणारा. चित्रपट बेताचा आहे. पण नट हेरण्याची दिग्दर्शकाची नजर पाहायची असेल तर तेवढ्यासाठी पाहावा.

यान त्रोएल यांचा १९७१ चा ‘द एमिग्रंट्स’ मात्र सोडू नये. दुष्काळाने आणि दारिद्र्याने गांजलेली स्वीडिश शेतकरी कुटुंबे एकोणिसाव्या शतकात अमेरिकेला जातात, त्याची ही गोष्ट. नापिकी आणि स्थलांतर या दोन्ही गोष्टी आपल्या सांगोला-मंगळवेढ्याकडच्या माणसाला समजावून सांगाव्या लागत नाहीत. माक्स फॉन सिडो आणि लिव्ह उलमन मुख्य भूमिकांत आहेत, तर एडवाल हे दानियल या नातलगाच्या भूमिकेत. घरात गावाने वाळीत टाकलेल्यांना बोलावून, स्वतःच्या समजुतीप्रमाणे धर्म सांगणारा आणि त्यासाठी धर्माधिकाऱ्यांचा रोष ओढवून घेणारा असा हा माणूस आहे. असे पात्र सहज वेडगळ किंवा सहज संतपदाचे होऊ शकले असते. एडवाल दोन्ही टाळतात. त्यांचा दानियल शेतकरीच राहतो, आणि देवाचे बोलणेही बियाण्याच्या गोष्टी कराव्यात त्याच सुरात करतो. या चित्रपटाला सर्वोत्तम चित्रपटाच्या मुख्य ऑस्करचेही नामांकन मिळाले होते, जे परभाषेतल्या चित्रपटासाठी त्या काळात फारच दुर्मिळ होते. दुसरा भाग ‘द न्यू लँड’ १९७२ चा.

मग १९८२ चा ‘फॅनी अँड अलेक्झांडर’, त्याविषयी स्वतंत्रपणे लिहिले पाहिजे. उद्या लिहितो.

——————

पूर्व भाग (सोलापूर) :

तिसरी घंटा यांचे विवेचन वाचनीय आहे, पण त्यांच्या सूत्राला माझा आक्षेप आहे. ‘निरोप घेऊन येणारा’ हे वर्णन बर्गमन यांच्या चित्रपटांवरून तयार झाले आहे. स्वतःच्या देशात एडवाल यांची ओळख तेवढीच नव्हती. चरित्र अभिनेता म्हटले की आपण आपोआप चौकटीच्या कडेला उभा असलेला माणूस डोळ्यांपुढे आणतो. स्वीडिश दूरचित्रवाणीने मात्र त्यांना चौकटीच्या मध्यावर आणले होते.

१९६६ साली ऑगस्ट स्ट्रिंडबर्ग यांच्या ‘हेमसोबूर्ना’ म्हणजे ‘हेमसो बेटावरची माणसे’ या कादंबरीवर तिथे मालिका झाली. बेटावर एका विधवेची शेती सांभाळायला कार्लसन नावाचा गडी बाहेरून येतो. बोलघेवडा, कामसू आणि महत्त्वाकांक्षी असा हा माणूस हळूहळू मालकीणबाईंचा नवरा होण्यापर्यंत मजल मारतो आणि तिच्या मुलाशी त्याचे वाकडे येते. तो कार्लसन एडवाल यांचा. आपल्याकडचा प्रेक्षक ही गोष्ट क्षणात ओळखेल, कारण बांधावर राबायला आलेला आणि ओसरीवर बसू लागलेला गडी आपल्या कथा-कादंबऱ्यांत काही थोडा नाही. हे पात्र कोणाचेही ऐकून घेत नाही, कोणाचा चेहरा वाचत नाही, ते फक्त बोलते आणि जागा पटकावते. तेव्हा सूत्र बसवायचेच असेल तर या भूमिकेला वगळून बसवता येणार नाही.

विधवेच्या मुलाची भूमिका स्वेन वोल्टर यांनी केली होती. हेच वोल्टर पुढे वीस वर्षांनी रशियन दिग्दर्शक तार्कोव्हस्की यांच्या ‘द सॅक्रिफाइस’मध्ये एडवाल यांच्याबरोबर पुन्हा दिसतात. विंगेतला यांना तो चित्रपट दुसऱ्या एका कारणासाठीही उपयोगी पडेल. त्यात एडवाल पोस्टमन आहेत.

——————

शेंगाचटणी (सध्या गोथेनबर्ग, घर सोलापुरातच) :

आपण सगळे जाणकार आहात. मी चित्रपटांतले फारसे जाणत नाही, परंतु मुलाकडे वर्षातले काही महिने राहते आणि नातवंडांबरोबर इथल्या मुलांच्या मालिका पाहते, म्हणून दोन शब्द लिहिते.

या देशात आलन एडवाल हे नाव काढले की लोकांना पाद्री, भिकारी वगैरे काही आठवत नाही, एमिलचे बाबा आठवतात. इथल्या बालसाहित्यिक अ‍ॅस्ट्रिड लिंडग्रेन यांचा एमिल हा स्मोलांड प्रांतातल्या शेतावर राहणारा द्वाड पोरगा. १९७१, १९७२ आणि १९७३ असे लागोपाठ तीन वर्षे त्याचे तीन चित्रपट झाले, पुढे त्यांचीच मालिका झाली आणि ती आजही घरोघरी लागते. एमिलने काही उपद्व्याप केला की बाबा अंगणातून त्याच्या नावाने अशी काही आरोळी ठोकतात की पोर जीव घेऊन सुतारकामाच्या खोपीत पळते आणि तिथे कोंडलेल्या अवस्थेत लाकडाची बाहुली कोरत बसते. माझी पाच वर्षांची नात तर ती आरोळी स्वयंपाकघरातून माझ्यावर ठोकते.

मला त्यात एक गोष्ट दिसली, ती सांगते. बाबा एवढे ओरडतात, पण पोरे त्यांना भीत नाहीत, हसतात. रागाने लाल झालेला तो माणूस पैशाला चिकट आणि गावात आपली शोभा होईल या धास्तीतला आहे. सूप वाढायच्या भांड्यात एमिलचे डोके अडकते, तेव्हा बापाच्या तोंडावर मुलाची काळजी आधी येते की भांड्याची किंमत, हे काही केल्या ठरवता येत नाही. आमच्या वाड्यातले एक काका अगदी असेच होते. तिसऱ्या चित्रपटातल्या कामासाठी एडवाल यांना स्वीडनचे ‘गुल्डबाग्गे’ हे पारितोषिक मिळाले. मुलांच्या चित्रपटातल्या बापाच्या भूमिकेला इतका मोठा मान दिला, याचे मला कौतुक वाटले.

त्याशिवाय लिंडग्रेनबाईंच्याच गोष्टींवरच्या ‘द ब्रदर्स लायनहार्ट’ (१९७७) आणि ‘रोनिया’ (१९८४) यांतही ते आहेत. रोनियामध्ये दरोडेखोरांच्या टोळीतला म्हातारा होतात. तो मरतो तेव्हा आडदांड सरदार पोरासारखा रडतो. आमच्याकडे त्या वेळी कोणी जेवायला उठत नाही. आणि इथल्या नभोवाणीवर विनी द पू या अस्वलाच्या गोष्टी त्यांनी वाचलेल्या आहेत. माझ्या सूनबाईंच्या आईच्या पिढीला तो आवाज म्हणजेच ते अस्वल. स्वीडिश मला मोजकेच येते, तरी सगळी पात्रे वेगळी ओळखू येतात.

——————

तिसरी घंटा :

पूर्व भाग यांचा आक्षेप मान्य. शेंगाचटणीताईंनी तो आणखी पक्का केला. एमिलचा बाप हा कान नसलेला माणूस आहे, आणि तो इतका नेमका जमतो याचे कारण कान देणे म्हणजे काय हे त्या नटाला पुरते ठाऊक होते, एवढेच मी माझ्या सूत्राच्या बचावासाठी म्हणेन आणि विषय सोडेन.

‘फॅनी अँड अलेक्झांडर’विषयी लिहायचे राहिले होते. यात ते ऑस्कर एकडाल, म्हणजे एका गावातल्या नाटकमंडळीचे चालक आणि मुलांचे वडील. गंमत अशी की हा ऑस्कर चालक म्हणून उत्तम, पण नट म्हणून सुमार आहे. चांगल्या नटाने वाईट नट उभा करायचा असतो तेव्हा बहुतेक वेळा तो वाईटपणाची नक्कल करतो आणि हशा वसूल करतो. एडवाल तसे करत नाहीत. नाताळच्या रात्री प्रयोगानंतर ऑस्कर आपल्या मंडळींपुढे चार शब्द बोलायला उभा राहतो. बाहेर एक मोठे जग आहे आणि या जाड भिंतींच्या आत आपले एक छोटे जग आहे, कधी कधी या छोट्या जगात मोठ्याचे प्रतिबिंब पडते, निदान लोकांना घटकाभर विसर तरी पडतो, अशा अर्थाचे ते बोलणे आहे. दरवर्षी तेच बोलत असावा असे वाटते. मध्येच त्याचा कंठ दाटतो, आपण उगाच हळवे झालो याची त्याला लाज वाटते, आणि तो आवरते घेतो. संमेलनांत आणि मंडळांच्या वर्धापनदिनी आपण अशी कितीतरी भाषणे ऐकलेली आहेत, माइकची तार सावरत, डोळे पुसत केलेली.

पुढे ‘हॅम्लेट’च्या तालमीत बापाच्या भुताचे काम करताना ऑस्कर रंगमंचावरच कोसळतो आणि त्यातच जातो. त्यानंतर पांढऱ्या पोशाखात तो आपल्या मुलाला अधूनमधून दिसत राहतो, काहीसा ओशाळलेला, कोणालाही मदत करता येत नाही याचे दुःख झालेला. तालमीत न जमलेले भूत मेल्यावर जमले, असा हा प्रकार आहे. चित्रपटगृहासाठीची प्रत तीन तासांहून थोडी मोठी आहे, दूरचित्रवाणीची पाच तासांहून मोठी. आपल्या मंडळाने दोन शनिवार काढून मोठीच पाहावी. या चित्रपटाला चार ऑस्कर मिळाले.

आणखी एक बाब व्याख्यानात अवश्य यावी. १९८६ साली, म्हणजे ऑस्कर एकडालनंतर अवघ्या चार वर्षांत, एडवाल यांनी स्टॉकहोममध्ये ब्रुन्सगाटन या रस्त्यावरील चार क्रमांकाच्या इमारतीच्या तळघरात स्वतःचे छोटे नाट्यगृह सुरू केले. नाव पत्त्यावरूनच : ‘तेआतर ब्रुन्सगाटन फीरा’. फीरा म्हणजे चार. ते अखेरपर्यंत त्यांनी चालवले आणि त्यांच्यानंतर कवयित्री क्रिस्टिना लुग्न यांनी हाती घेतले. राजनाट्यगृहात वर्षानुवर्षे वावरलेला माणूस साठीत तळघरात उतरला. याखेरीज पुस्तके लिहिली, चित्रपट दिग्दर्शित केले (त्यांपैकी १९८४ चा ‘ओके आणि त्याचे जग’ पाहण्याजोगा आहे, एका लहान मुलाच्या नजरेतला), आणि स्वतः लिहिलेली गाणी स्वतःच्या खरबरीत आवाजात गायली. त्यांच्या तबकड्या निघाल्या आहेत. ऐकल्या तर एमिलच्या बाबांचा आवाज इतका हळू येऊ शकतो हे नवल वाटेल.

——————

विंगेतला :

सर्वांचे मनापासून आभार. ताई, तुमची नात व्याख्यानात येणार, परवानगी असावी.

काल रात्री ‘द सॅक्रिफाइस’ घरी एकट्यानेच पाहिला. सगळा समजला असे म्हणणार नाही, पण पोस्टमन समजला. सुरुवातीचा प्रवेश नऊ मिनिटांच्या आसपास एकाच शॉटमध्ये चालतो. गॉटलंड बेटावरचा सपाट किनारा, वाळलेले झाड रोवणारे गृहस्थ आणि त्यांचा लहानगा मुलगा, आणि सायकलवरून वाढदिवसाची तार घेऊन येणारा हा ओटो. कॅमेरा लांब आहे, चेहरा नीट दिसतसुद्धा नाही. तार दिल्यावर खरे तर त्याचे काम संपले. तो मात्र जात नाही. चालणाऱ्या त्या गृहस्थांभोवती सायकल वळवीत, पुढे जात, परत येत बोलत राहतो, आणि बोलता बोलता देवाशी तुमचे संबंध कसे आहेत, असे सहज विचारून टाकतो. तेवढ्यात मुलाने सायकल दोरीने झुडपाला बांधून ठेवलेली असते, त्यामुळे निघालेला पोस्टमन मध्येच खेचला जातो. नंतर हाच माणूस युरोपचा भला थोरला जुना नकाशा भेट म्हणून घेऊन येतो.

मी आजवर पोस्टमन आत आणत होतो, पत्र देत होतो आणि टाळी मिळाली तर मिळाली म्हणून बाहेर पडत होतो. मागच्या तालमीत तर पत्र खिशातून निघेना, म्हणून नुसताच हात पुढे केला आणि नायिकेने तो हातच वाचला. काल एवढे लक्षात आले की पत्र दिल्यानंतरही पोस्टमनला त्या घरात थोडा वेळ राहायचे असते.

आज दिग्दर्शकांना विचारले की सायकल रंगमंचावर आणली तर चालेल का. ते म्हणाले, हुतात्मा स्मृती मंदिराच्या मागच्या दाराने आत येत असेल तर आणा.

——————

पूर्व भाग :

सायकल माझ्याकडे आहे. कॅरिअरसह. घंटी मात्र वाजत नाही.

——————

तिसरी घंटा :

घंटी न वाजलेलीच बरी. वीस मिनिटांच्या व्याख्यानात दृश्ये तीनच दाखवावीत असे सुचवतो : धुराविषयी बोलणारा भिकारी, एमिलच्या बाबांची एक आरोळी आणि ऑस्कर एकडालचे भाषण. सेवकाचा प्रवेश मंडळींनी आधीच पाहिला आहे, तो पुन्हा लावू नये. भाषणाचा तुकडा लावण्यापूर्वी प्रोजेक्टरचा आवाज तपासून घ्यावा, कारण ऑस्कर शेवटची वाक्ये जवळजवळ स्वतःशीच बोलतो आणि साखर पेठेत त्या वेळी रस्त्यावर रिक्षा चालू असतात.